मायच्या तारखा

माय आणि मी दोघीच, असे दिवस आमच्या घरात कधी आले नव्हते. लहानपणी बाबा होते, भाऊ होता, रोवण्याच्या, म्हणजे भातलावणीच्या दिवसांत अंगणभर बाया असायच्या. लग्न होऊन मी वरोऱ्याला आले, तिथल्या शाळेत शिकवू लागले, आणि तेव्हापासून गावी जायचं ते चौदा एप्रिलला नाहीतर उन्हाळ्याच्या सुट्टीत, नवरा आणि मुलं सोबत घेऊन. मग माय चुलीजवळ आणि मी मुलांच्या मागे. ती मला एकटी मिळाली ती माझे केस पांढरे व्हायला लागल्यावर, आणि तेही तिच्या शेतावरून विजेची मोठी लाइन जाणार होती म्हणून.

आमचं शेत मूल या तालुक्याच्या गावापुढे, जंगलाला लागून. धानाच्या दोन-तीन बांध्या, म्हणजे पाणी धरणारी खाचरं, वरच्या अंगाला थोडी मुरमाड जागा आणि पूर्वेच्या धुऱ्यावर, शेताच्या हद्दीच्या बांधावर, ओळीनं मोहाची झाडं. धुऱ्याच्या पलीकडे आत्याचं शेत. आत्या नात्यातली नव्हे. ती गोंड, आम्ही बौद्ध. पण ती आणि माय एकाच उन्हाळ्यात लग्न होऊन या गावात आल्या, आणि तेव्हापासून एकमेकींच्या बांधीत रोवणा करत आल्या. आम्ही भावंडं तिला आत्याच म्हणायचो. मोहाची झाडं नेमकी कोणाची, हे कधी कोणी मोजून पाहिलं नव्हतं. इकडे पडलेलं फूल आमचं, तिकडे पडलेलं तिचं. माय कुठल्या देवाला हात जोडत नव्हती, पण आत्याच्या घरची मोहाची पूजा झाल्याशिवाय तिनं कधी पहिलं फूल उचललं नाही.

एका वर्षी धान कापून झालं होतं, बांध्या रिकाम्या होत्या, तेव्हा मोजणीवाले आले. तीन पायांवर यंत्र उभं केलं, त्यातून डोळा लावून पाहिलं, कुठे चुना टाकला, कुठे दगडाला लाल रंग फासला. मायला वाटलं, रस्ता होणार असेल. पुढे लाइन टाकणाऱ्या कंपनीचं पत्र आलं. गल्लीतल्या एका मुलीनं त्याचा फोटो काढून मला मोबाइलवर पाठवला आणि मी फोनवरून मायला ते वाचून दाखवलं. उच्च दाबाची वाहिनी शेतावरून जाणार, एका बांधीत टावरचे पाय येणार, तारांखाली येतील ती झाडं तोडणार. जमीन तुमच्याच नावावर राहील, नुकसानभरपाई मिळेल.

"झाडं म्हंजे कोणती?" मायनं विचारलं.

"धुऱ्यावरची. मोहाची."

 मग ती म्हणाली, "बांधी घ्या म्हना. झाडं नाई."

भाऊ पुण्याला असतो. त्यानं तिला समजावलं. सरकारी काम आहे, अडवून अडत नाही, जे देतात ते घे आणि मोकळी हो. तो काही चुकीचं सांगत नव्हता. मायनं सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "तू जेवला काय?" तिच्याकडून विषय तिथेच संपला.

खोदणारे आले त्या दिवशी ती चुन्याच्या खुणेवर जाऊन बसली. आत्या धुरा ओलांडून आली आणि तिच्या शेजारी बसली. दोघींनी डबे आणले होते. कंपनीचा सुपरवायझर भला माणूस होता. त्यानं आवाज चढवला नाही, हात लावला नाही. त्यानं मोबाइलवर दोघींचा फोटो काढला आणि मजुरांना घेऊन निघून गेला. नंतर चंद्रपूरहून नोटीस आली. कंपनीनं जिल्ह्याच्या साहेबांकडे अर्ज केला होता की काम करू दिलं जात नाही, अडथळा दूर करून मिळावा. त्यात मायच्या नावापुढे लिहिलं होतं, अडथळा आणणारी.

"मी अडथळा?" माय म्हणाली. तिला राग आला नव्हता. नवल वाटलं होतं.

अशा रीतीनं तारखा सुरू झाल्या. वरोऱ्याहून मी निघायचे, मूलहून माय आणि आत्या निघायच्या, आणि चंद्रपूरच्या बसस्टँडवर आम्ही भेटायचो. बहुतेक वेळा त्या आधीच आलेल्या असायच्या. माय धुतलेलं पांढरं लुगडं नेसून, डोक्यावर पदर, हातात कापडी पिशवी. मी दिसले की ती उठून उभी राहायची. मुलगी येताना दिसली म्हणून आई उठून उभी राहते, हे मी दुसऱ्या कोणाच्या आईबाबत पाहिलेलं नाही. पहिल्यांदा मला वाटलं तिला घाई झाली आहे. मग लक्षात आलं, घाई नव्हती. मी तिच्यापर्यंत पोचले की ती पुन्हा बसायची आणि म्हणायची, "चहा घेऊ आंधी."

आमचे वकील म्हातारे होते. त्यांनी पहिल्याच भेटीत खोटी आशा दिली नाही. "बाई, कायदा जुना आहे आणि त्यांच्या बाजूनं आहे," ते म्हणाले. "लाइन रद्द होत नाही. थोडी सरकवता आली तर आपण प्रयत्न करू."

"किती सरकवा लागते?" मायनं विचारलं.

"ते इंजिनियर सांगतील."

"मंग आपण इंजिनियरशीच बोलू," माय म्हणाली. वकील हसले आणि त्यांनी वकीलपत्र पुढे केलं.

तारखेला गेलं की लगेच नंबर लागतो असं नाही. साहेब कधी दौऱ्यावर असायचे, कधी मीटिंगमध्ये. आम्ही कचेरीच्या आवारात कडुनिंबाखालच्या बाकावर बसायचो. आत्याला बसल्याबसल्या झोप लागायची. माय चप्पल काढून पाय वर घ्यायची आणि बोलायला लागायची. घरी ती अशी कधी बोलली नव्हती. घरी तिच्या बोलण्यात नेहमी काम असायचं. हे उचल, ते ठेव, दूध उतू जाईन. इथे तिच्या हाताला काही काम नव्हतं.

तिनं मला सांगितलं की तिच्या माहेरी तिला सायकल येत होती. तिच्या मोठ्या भावाची सायकल, मधला दांडा असलेली, त्याच्याखालून पाय घालून ती चालवायची. लग्न झालं आणि सासरी सायकल नव्हती, मग ते तसंच राहून गेलं. तिनं सांगितलं की बाबा तिच्याशी लग्नानंतर कितीतरी दिवस बोलले नव्हते, लाजून, आणि एके दिवशी बांधीत त्यांच्या पायाला जळू चिकटली तेव्हा पहिल्यांदा तिला हाक मारली. हे सांगताना ती तोंडावर पदर धरून हसली. बाबांना जाऊन तेव्हा बरीच वर्षं झाली होती. मी त्यांना गंभीर माणूस म्हणूनच ओळखत होते. जळवेला घाबरलेले बाबा मला त्या बाकावर भेटले.

जेवायला ती भात आणि वांग्याची भाजी आणायची, नाहीतर भाकर आणि जवसाची चटणी. मी कधी वरोऱ्याहून काही करून नेलं तर ती चाखायची आणि म्हणायची, "चांगलं झालं, पण तू तेल लई टाकते." आत्या जागी होऊन दोन्ही डब्यांतलं खायची आणि काहीच म्हणायची नाही.

अशाच एका तारखेला मी तिला विचारलं. किती दिवस मनात होतं. "माय, मोह काय आपल्याच धुऱ्यावर आहे? जंगल भरलं आहे मोहानं. मग याच झाडांसाठी काऊन?"

माय आवाराच्या फाटकाकडे पाहत होती. "तुह्या आंधी एक पोरगी होती मले," ती म्हणाली.

मला ठाऊक नव्हतं. भावालाही नव्हतं, आजही नाही.

मुलगी उन्हाळ्यात झाली आणि पावसाळ्यात गेली. ताप आला होता. नाल्याला पूर, मूलला न्यायला रस्ता नाही. सकाळी ती गेली तेव्हाही पाऊस चालूच होता. पुढचं आत्यानं सांगितलं, ती झोपली आहे असं मला वाटत होतं, पण ती ऐकत होती. "सारीकडे पानी," आत्या म्हणाली. "बांध्या भरलेल्या. पोरीले ठेवाले कोरडी जागा कुठी? धुराच तेवढा वर होता. तुह्या बाबानं मोहाखाली खड्डा केला. माह्या मांडीवर होती तवापर्यंत. तुही माय त घरी पडून होती, तिले उठवत नव्हतं."

"कोणत्या मोहाखाली?"

"मधल्या," माय म्हणाली.

मी लगेच वकिलांकडे जायला निघाले होते. मला वाटलं, हे साहेबांना सांगितलं तर ते ऐकतील, माणूसच आहेत. मायनं माझा हात धरला. "बस. नाई सांगाचं."

"पण माय, त्यानं फरक पडेल."

"साहेब पुरावा मांगतीन. कुठी पुरलं, कोणी पाह्यलं, दाखला दाखवा. पोरगी माही होती. तिचा पुरावा मी कायले देऊ?"

मी पुन्हा तो विषय काढला नाही.

आमचा नंबर लागला त्या दिवशी साहेबांनी मायला स्वतः बोलू दिलं. तिनं जे विचारायचं ठरवलं होतं तेच विचारलं. "साहेब, जंगल एवढं मोठं हाय. लाइन तिकडून काऊन नाई नेत?"

कंपनीच्या इंजिनियरनं उत्तर दिलं. तरुण होता, सभ्य होता. "जंगलातून नेली तर परवानगीला वर्षं लागतात, बाई. म्हणून आम्ही जंगल सोडून कडेकडेनं घेतली."

"आमी कडेले हावो म्हनून आमच्यावरून," माय म्हणाली.

मागून आत्या म्हणाली, "आमाले त जंगलातून काडी आणली तरी गार्ड धरते." कोपऱ्यात बसलेला कारकून हसला. साहेब हसले नाहीत. त्यांनी कागद उलटले आणि सांगितलं की जागेवर जाऊन पाहा, दुसरा काही मार्ग निघतो का ते मला कळवा, मग मी आदेश देईन.

पाहणीच्या दिवशी मी आदल्या संध्याकाळीच गावी गेले. सकाळी तहसीलचे अधिकारी, इंजिनियर, वकील, सगळे धुऱ्यावर जमले. माघाची थंडी होती. इंजिनियरनं नकाशा उघडला, बराच वेळ मागेपुढे चालून पाहिलं आणि म्हणाला, लाइन पूर्वेकडे सरकवता येईल. पण मग टावर पलीकडच्या शेतात येईल, त्या मधल्या बांधीत. तसं झालं तर टोकाची दोन झाडं जातील, बाकीची राहतील. त्या शेताच्या मालकाची संमती लागेल.

त्या शेताची मालकीण चार पावलांवर उभी होती.

"करा," आत्या म्हणाली.

"तू चूप राय," माय म्हणाली.

"काऊन चूप राहू? वावर माहं हाय."

"मधल्याच बांधीत पानी टिकते तुह्या. तिथी लोखंड उभं करशीन अन् खाशीन काय?"

"बाकीच्या हायेत ना."

"त्या बांध्या काय हायेत मले ठाऊक नाई काय? इतके वर्षं रोवणा केला त्यायच्यात. तुह्या पोटावर पाय देऊन मले झाडं नाई वाचवाची."

"झाडं तुहीच हायेत काय?" आत्याचा आवाज पहिल्यांदा चढला. "अन् तिले मी बी मांडीवर घेतलं होतं."

अधिकाऱ्यांना वाटलं असेल, दोन म्हाताऱ्या झाडांवरून भांडत आहेत. 'तिले' म्हणजे कोणाला, हे कोणी विचारलं नाही.  माय वळली आणि धुऱ्यानं चालत गेली, मधल्या झाडापाशी आमच्याकडे पाठ करून उभी राहिली. आत्यानं अधिकाऱ्यांना विचारलं, "सही कुठी करू?" तिला सही येत होती. प्रौढांच्या वर्गात माय आणि ती सोबतच शिकल्या होत्या.

आदेश तसाच आला. टावर आत्याच्या बांधीत, दोन झाडं तोडायची, बाकीची राहू द्यायची. वकील म्हणाले, एवढंही क्वचितच मिळतं. आम्ही तिघी बसस्टँडकडे चालत आलो. माय त्या दिवशी आनंदी नव्हती आणि दुःखीही नव्हती. माझी बस आधी लागली. मी चढणार, तेवढ्यात ती म्हणाली, "आता तारीख नाई. तू येशीन कशी?"

"येईन ना माय. तारीख कशाला लागते?"

"नाई, तसं नाई," ती म्हणाली. "तुले शाळा हाय."

झाडं तोडली त्या दिवशी मी रजा टाकून गेले होते. यंत्राची करवत होती, फार वेळ लागला नाही. माय आणि आत्या आमच्या बांधीच्या कडेच्या पाळीवर शेजारी शेजारी बसल्या होत्या आणि पाहत होत्या. दुसरं झाड पडलं तेव्हा जमीन हलल्याचं बसल्या जागी कळलं. त्यानंतर टावर उभा राहिला, तारा ओढल्या गेल्या. त्या वर्षीपासून रोवणा आधी आत्याच्या शेतात व्हायचा, मग आमच्या. हे कोणी बोलून ठरवलं नाही. पहिल्या वर्षी माय सकाळी उठून सरळ तिकडे गेली, बस. चुरणा झाला, धान मळून निघालं की ती तांदळाचं पोतं आत्याकडे पाठवायची. आत्या ते ठेवून घ्यायची आणि चैत्रात तेच पोतं वाळलेल्या मोहानं भरून परत पाठवायची.

आणि मला फोन यायचे.

"त्या आदेशाची नक्कल पुसट निघाली हाय. दुसरी काढा लागते. येतेस काय चंद्रपूरले?"

नक्कल चांगली होती, माझ्याकडेही एक होती. मी रजा टाकली. पुढच्या वेळी वकील साहेबांना नवे तांदूळ द्यायचे होते. त्याच्या पुढच्या वेळी कचेरीतल्या एका शिपाईण बाईंची तब्येत विचारायची होती, त्या आजारी होत्या असं तिच्या कानावर आलं होतं. त्या ठणठणीत होत्या. मी एकदाही तिला म्हटलं नाही की माय, याला चंद्रपूर कशाला. मला माहीत होतं कशाला. गावी गेले तर ती चुलीजवळ जाणार, वरोऱ्याला ती आली तर माझ्या स्वयंपाकघरात शिरणार. आम्हाला दोघींना ते बाक हवं होतं.

आत्या आता सोबत यायची नाही. ती म्हणायची, तुमची तारीख आहे, तुम्ही जा. मग आम्ही दोघीच. चहा, बाक, डबा. काम काहीच नाही. समोरून वकील जायचे, पक्षकार जायचे, कोणी रडत जायचं. मायला आता सगळं आवार ओळखीचं झालं होतं. एकदा शिपाईण बाईंनी विचारलं, "बाई, तुमची केस अजून चालूच आहे का?"

"चालूच हाय," मायनं गंभीरपणे सांगितलं.

मी दुसरीकडे तोंड फिरवून हसले. ती हसली नाही. तिनं पिशवीतून एक पेरू काढला, दातानं फोडला आणि अर्धा मला दिला.

त्या बाकावर मी तिला माझंही सांगितलं. जे नवऱ्याला सांगता येत नव्हतं, जे शाळेतल्या मैत्रिणींना सांगायचं नव्हतं. मोठा मुलगा माझ्याशी नीट बोलत नाही हे सांगितलं. तिनं सल्ला दिला नाही. ती म्हणाली, "तू बी नव्हती बोलत." मी विचारलं, कधी? ती म्हणाली, "दहावीच्या साली. मी रडत होती ढोलीच्या मागं." आमच्या घरात धानाची ढोली होती, माणूस उभा मावेल एवढी. तिच्या मागे जाऊन माय रडली होती आणि मी पलीकडच्या खोलीत गणितं सोडवत होते. मला वाईट वाटेल असं तिला वाटलं असावं, कारण ती लगेच म्हणाली, "मंग बोलाले लागली तू. पोरं बोलते मंग."

माय गेली ती थंडीत. दोन दिवस ताप आला, मूलच्या दवाखान्यात नेलं, मी पोचले तेव्हा ती बोलत होती. जास्त काही नाही. शाळेतून कशी निघालीस, बस मिळाली का, एवढंच. तिसऱ्या दिवशी पहाटे ती गेली. भाऊ पुण्याहून आला. आत्यानं तिला आंघोळ घातली. नाल्याच्या काठी तिला अग्नी दिला, तिथून टावर दिसतो, पण त्या दिवशी धुकं होतं.

लोकांना वाटतं, आई गेली की सणावाराला आठवण येते. मला सणाला येत नाही. सणाची माय सगळ्यांची होती. माझी माय कामाच्या दिवशीची, मंगळवार-बुधवारची, चप्पल काढून बाकावर पाय घेऊन बसलेली. दुपारच्या तासाला वर्गात मुलं खाली माना घालून लिहीत असतात आणि मला वाटतं, आता फोन वाजावा आणि कोणीतरी म्हणावं, उद्या चंद्रपूरले ये, काम हाय.

गेल्या चैत्रात मी एकटीच गावी गेले. शेत आता भाऊ ठोक्यानं दुसऱ्याला कसायला देतो. मी आत्याकडे उतरले. पहाटे ती टोपली घेऊन निघाली तेव्हा तिच्यासोबत गेले. मोह पडला होता, सगळीकडे तो गोडसर आंबूस वास. वर तारांचा बारीक आवाज येत होता. दव असलं की येतो, आत्या म्हणाली, ऊन चढलं की बंद होतो. टावरच्या चार पायांच्या मधल्या जागेत तिनं तुरीचं एक ओळभर पीक घेतलं होतं, त्याच्या काड्या अजून उभ्या होत्या. मधल्या झाडापाशी ती थांबली नाही, मीही थांबले नाही. तिथेही फुलं वेचली, इतर झाडांखाली वेचली तशीच.

आत्याला आता गुडघ्यांमुळे वाकवत नाही. ती बसल्या बसल्या सरकत वेचते. बऱ्याच वेळानं तिनं विचारलं, "तुही माय काय बोलायची वो तुह्याशी, एवढं तिकडे जाऊन?"

"सगळंच," मी म्हणाले. "जुनं. बाबांचं, माहेरचं. तुमच्याशी नव्हती बोलत?"

आत्यानं विचार केला. "माह्याशी नाई," ती म्हणाली. "आमी काम करो. बोलाचं काय राह्यते कामात."

तिच्या आवाजात तक्रार नव्हती. आयुष्यभर त्या दोघी एका ओळीत वाकून धान रोवत आल्या होत्या, आणि बोलणं सगळं माझ्या वाट्याला आलं होतं. मला तिला सायकलीचं सांगायचं होतं, जळवेचं सांगायचं होतं. पण ती पुढच्या झाडाकडे सरकली होती. मग मीही तिच्यामागे गेले, आणि ऊन वर येईपर्यंत आम्ही दोघी न बोलता वेचत राहिलो.